सोडा स्टिरिओ : एका भाषेचा खंड तिघांनी कसा जोडला

आपला प्रश्न थोडक्यात असा आहे : 1997 मध्ये थांबलेला, इंग्रजीत न गाणारा आणि जगाच्या आपल्या बाजूला फारसा माहीत नसलेला अर्जेंटिनाचा सोडा स्टिरिओ हा बँड लॅटिन अमेरिकेत इतका मोठा कसा झाला, आणि ‘दे मुसिका लिहेरा’सारख्या चार कॉर्डच्या, म्हणजे एकत्र वाजणाऱ्या चार स्वरगुच्छांच्या, गाण्यावर आजही स्टेडियमभर माणसे एका सुरात का गातात? मी गेली 30 वर्षे गिटारवादक आणि संगीत संयोजक म्हणून काम करतो आहे. या बँडच्या ध्वनिमुद्रिका मी श्रोता म्हणून ऐकल्या आहेत आणि वाद्यांची मांडणी शिकण्यासाठी एकेक ट्रॅक सोडवूनही पाहिल्या आहेत, म्हणून उत्तर थोडे विस्ताराने देतो.

सुरुवातीलाच एक गैरसमज दूर करायला हवा. स्पॅनिशमध्ये रॉक गाण्याची सुरुवात या बँडने केलेली नाही. अर्जेंटिनात ती 1960 च्या दशकातच झाली होती. ‘लोस गातोस’ या बँडचे ‘ला बाल्सा’ हे गाणे 1967 चे आहे, आणि त्यानंतर ‘आल्मेंद्रा’, ‘मानाल’ अशा बँडनी स्वतःच्या भाषेत गंभीर, काव्यमय रॉक उभा केला. लुईस आल्बेर्तो स्पिनेता आणि चार्ली गार्सिया यांच्यासारखे दिग्गज सोडा स्टिरिओच्या जन्माआधीच घरोघरी पोचलेले होते. तरीही हे संगीत अर्जेंटिनाच्या सीमेबाहेर फारसे जात नव्हते. प्रत्येक देशाचा रॉक त्या देशापुरता राहत असे. वीसेक देशांची भाषा एक असूनही त्यांचा श्रोतृवर्ग एक नव्हता, आणि सोडा स्टिरिओचे खरे कर्तृत्व मला इथे दिसते.

गायक-गिटारवादक गुस्ताव्हो सेराती आणि बासवादक सेता बोसिओ हे दोघे ब्वेनोस आइरेसच्या एका विद्यापीठात जाहिरातशास्त्र शिकत होते. ही गोष्ट किरकोळ वाटते, परंतु बँडच्या पुढच्या वाटचालीत तिचा वाटा मोठा आहे. तिसरा, ड्रमवादक चार्ली अल्बेर्ती, हा टिटो अल्बेर्ती या नामवंत जॅझ ड्रमवादकाचा मुलगा. तो सेरातीच्या बहिणीला वारंवार फोन करीत असे, आणि त्या फोनांवरूनच त्याची सेरातीशी ओळख झाली. 1982 मध्ये तिघे एकत्र आले. ‘स्टिरिओटाइप’ या अर्थाचे एक नाव त्यांनी आधी घेऊन पाहिले आणि मग ‘सोडा स्टिरिओ’ हे नाव पक्के केले. त्यांच्यासोबत अल्फ्रेदो लोइस हा मित्र होता. पोशाख, मुखपृष्ठे, रंगमंच आणि व्हिडिओ यांची दृश्यबाजू तो सांभाळीत असे, म्हणून त्याला बँडचा चौथा सदस्य म्हटले जाई. गाण्याइतकाच विचार दिसण्याचाही करणारा हा त्या भागातला पहिल्या काही बँडपैकी एक होता.

त्यांचा आरंभीचा नाद तिघांच्याच वादनावर उभा होता, आणि त्यावर पोलीस या इंग्लिश बँडची छाप स्पष्ट ऐकू येते : जमैकाच्या रेगे संगीतातून आलेले तुटक कॉर्ड, पुढे धावणारा बास, मोकळी सोडलेली जागा. मराठी वाचकाला येथे एक योगायोग सांगावासा वाटतो. 1980 मध्ये पोलीस हा बँड मुंबईत वाजवून गेला आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरात ब्वेनोस आइरेसलाही गेला. मुंबईतल्या त्या कार्यक्रमाच्या आठवणी माझ्या आधीच्या पिढीतले वादक अजूनही सांगतात. ब्वेनोस आइरेसमध्ये मात्र त्या नादाला दीड-दोन वर्षांतच वेगळी जमीन मिळाली.

ती जमीन राजकारणाने तयार केली होती. 1976 पासून अर्जेंटिनात लष्करी राजवट होती. एप्रिल ते जून 1982 या काळात माल्विनास, म्हणजे फॉकलंड बेटांवरून ब्रिटनशी युद्ध झाले, आणि त्या काळात रेडिओवरून इंग्रजी गाणी बाजूला सारली गेली. जी रिकामी वेळ राहिली ती देशी रॉकने भरून काढली. युद्ध हरल्यावर लष्करी राजवटीचा पाया खचला आणि डिसेंबर 1983 मध्ये राउल अल्फोन्सिन निवडून आलेले राष्ट्राध्यक्ष म्हणून सत्तेवर आले. सात वर्षे दबून राहिलेली तरुण पिढी रात्री रस्त्यावर, क्लबांत, नाचायला बाहेर पडली. आधीच्या पिढीच्या रॉकमध्ये दुःख आणि प्रतीके होती, या पिढीला शरीर हलवायचे होते. सोडा स्टिरिओने नेमके तेच दिले. 1984 चा त्यांचा पहिला अल्बम ‘विरुस’ या बँडच्या फेदेरिको मोउराने निर्माता म्हणून घडवला, आणि त्याचे अनावरण एका हॅम्बर्गरच्या उपाहारगृहात झाले. जुन्या रसिकांना हे उथळ वाटले. डोळ्यांत काजळ, उभे केलेले केस आणि आहारावरचे गाणे, हे कसले रॉक, असा सूर बराच काळ टिकून होता. ‘रेदोन्दोस’ या स्वतंत्र वृत्तीच्या बँडचे चाहते आणि सोडाचे चाहते यांच्यात तर दोन तट पडले होते. माझे मत विचाराल तर पहिला अल्बम खरोखरच हलका आहे. चाली चांगल्या आहेत, परंतु त्यातले सर्वांत हळवे गाणे, ‘त्रातामे सुआवेमेंते’, हे त्यांचे स्वतःचे नसून दानिएल मेलेरो या संगीतकाराचे आहे.

खरा बदल पुढच्या दोन वर्षांत झाला. 1985 च्या ‘नादा पेर्सोनाल’ या अल्बममध्ये ‘कुआंदो पासे एल तेम्ब्लोर’ हे गाणे आहे. त्याच्या तळाशी अँडीज पर्वतातल्या लोकनृत्याची लय आहे आणि वर सिंथेसायझर व ड्रम मशीनच्या काळाचा नाद आहे. अँडीजच्या लोकसंगीतातल्या कितीतरी चाली पाच सुरांच्या असतात. आपल्या कानाला त्या ऐकताना धानी रागाची आठवण होते, कारण कोमल गंधार आणि कोमल निषाद घेणारी ती स्वरपंक्ती दोन्हीकडे भेटते. या गाण्याचा व्हिडिओ देशाच्या उत्तर टोकाला, हुहुय प्रांतातल्या तिलकाराच्या प्राचीन किल्ल्याच्या अवशेषांवर चित्रित केला गेला. राजधानीतली तीन शहरी मुले डोंगरातल्या लोकलयीला हात घालतात आणि तिची नक्कल न करता ती स्वतःच्या नादात मिसळतात, हे पेरू, बोलिव्हिया आणि चिलीच्या श्रोत्यांनी लगेच ओळखले. लोकसंगीत घेताना वरून एखादे वाद्य चिकटवण्याचा मोह संयोजकाला नेहमी होतो. येथे तसे न करता लय आतून घेतली आहे, म्हणून ते गाणे आजही जुने वाटत नाही.

1986 चा ‘सिग्नोस’ हा त्यांचा पहिला पूर्णपणे प्रौढ अल्बम. कीबोर्ड, सॅक्सोफोन आणि काळोखी सुरावटी यांनी भरलेला. त्यातले ‘पेर्सियाना आमेरिकाना’ हे गाणे खंडभर गाजले. याच अल्बमच्या सुमारास त्यांनी जे केले ते मला त्यांच्या सगळ्या संगीतापेक्षा कमी महत्त्वाचे वाटत नाही : ते देशाबाहेर पडले, आणि परत परत पडले.

1986 चे लॅटिन अमेरिकेचे चित्र समोर आणल्याशिवाय याचे मोल कळणार नाही. चिलीत पिनोचेट या लष्करशहाची राजवट चालू होती. पेरूत सशस्त्र गटांचा आणि सैन्याचा रक्तरंजित संघर्ष पेटलेला होता. मेक्सिकोत 1971 च्या आव्हांदारो महोत्सवानंतर सरकारने रॉकला सार्वजनिक जागांमधून हुसकावून लावले होते आणि तो शहरांच्या कडेच्या अंधाऱ्या जागांत तग धरून होता. या देशांत मोठ्या रॉक कार्यक्रमांची साखळीच नव्हती. योग्य क्षमतेची ध्वनियंत्रणा, प्रकाशयोजना, गर्दीचे नियोजन, तिकीटविक्रीची विश्वासार्ह पद्धत यांपैकी काही ना काही प्रत्येक ठिकाणी अपुरे असे. सोडा स्टिरिओ चिली, पेरू, कोलंबिया असे करत गेले, नंतर व्हेनेझुएला आणि मेक्सिकोपर्यंत पोचले, आणि एकदा गेलेल्या शहरात पुन्हा गेले. फेब्रुवारी 1987 मध्ये चिलीच्या विन्या देल मार महोत्सवात त्यांनी गायले आणि तो कार्यक्रम दूरचित्रवाणीवरून दूरवर दिसला. त्यानंतर चिलीत जे वेड उसळले त्याला तिथल्या लोकांनी बँडच्याच नावावरून नाव दिले. विमानतळावर, हॉटेलांखाली मुलामुलींची गर्दी जमू लागली. इंग्रजीत गाणाऱ्या परदेशी तारकांसाठी जे होत असे ते आता स्वतःच्या भाषेत गाणाऱ्या शेजारी देशातल्या तिघांसाठी होत होते.

या वेगाची एक दुःखद बाजूही आहे आणि ती टाळू नये. मे 1987 मध्ये अर्जेंटिनातल्याच सान निकोलास येथे त्यांच्या कार्यक्रमाच्या वेळी एका डिस्कोथेकमधला सज्जा कोसळला आणि पाच जण मृत्युमुखी पडले. प्रेक्षकसंख्या जागांच्या ताकदीपेक्षा लवकर वाढत होती. रंगमंचावर काम करणाऱ्या प्रत्येकाने ही घटना ध्यानात ठेवावी, असे मला वाटते.

फिरण्याचा आणखी एक परिणाम झाला, तो व्यवहाराचा. 1989 मध्ये अर्जेंटिनात महागाईचा कडेलोट झाला आणि त्या एका वर्षात किमती तीन हजार टक्क्यांहून अधिक वाढल्या. केवळ देशातल्या तिकिटांवर आणि तबकड्यांवर जगणाऱ्या बँडला अशा काळात तग धरणे कठीण असते. ज्यांची श्रोतृसंख्या सहा-सात देशांत पसरलेली होती ते मात्र एका चलनाच्या कोसळण्याने संपत नव्हते. खंडभर पसरणे ही महत्त्वाकांक्षा होतीच, पण त्या वर्षांत तेच जगण्याचे साधनही ठरले असावे.

1988 चा ‘दोब्ले विदा’ त्यांनी न्यूयॉर्कला जाऊन मुद्रित केला, आणि त्याचा निर्माता होता डेव्हिड बोवीसोबत वर्षानुवर्षे वाजवलेला, प्वेर्तो रिकोत जन्मलेला गिटारवादक कार्लोस आलोमार. येथे वादनाची शिस्त बदललेली स्पष्ट ऐकू येते. ड्रम आणि बास अधिक घट्ट झाले, गिटार जागा सोडायला शिकली. त्यातले ‘एन ला सियुदाद दे ला फूरिया’ हे गाणे ब्वेनोस आइरेसवर आहे, पंख असलेला एक माणूस रात्री त्या शहरावरून उडतो अशा कल्पनेवर. स्वतःच्या शहराचे नाव घेऊन लिहिलेले गाणे बोगोटा, लिमा आणि मेक्सिको सिटीतल्या माणसांना आपापल्या शहराचे वाटले. लेखक आपल्या गावाबद्दल जितके नेमके लिहितो तितके ते दूरच्या माणसाला जवळचे वाटते, याचा याहून चांगला दाखला मला रॉकमध्ये माहीत नाही.

आता आपण विचारलेल्या गाण्याकडे येतो. 1990 मध्ये मायामीच्या क्रायटेरिया स्टुडिओत त्यांनी ‘कान्सिओन आनिमाल’ मुद्रित केला. कीबोर्डच्या थरांनी आणि परिणामयंत्रांनी भरलेल्या दशकाच्या शेवटी त्यांनी ते सगळे मागे सारले आणि गिटार पुढे आणली. ही दिशा पाश्चात्त्य फॅशनमधून आली असे समजले जाते, परंतु त्या अल्बमची मुळे अर्जेंटिनाच्या 1970 च्या दशकातल्या रॉकमध्ये, ‘पेस्कादो राबिओसो’ आणि ‘वॉक्स देई’ यांच्या जड गिटारनादात आहेत. ज्या परंपरेने त्यांना उथळ ठरवले होते तिच्याकडेच ते सन्मानाने परत गेले.

‘दे मुसिका लिहेरा’ या शब्दांचा अर्थ ‘सुगम संगीताविषयी’ असा होतो. आकाशवाणीने आपल्याला जो शब्द दिला, जवळजवळ तोच. सेरातीच्या आईवडिलांकडच्या जुन्या तबकड्यांवर हे शब्द छापलेले असत आणि तिथून ते गाण्यात आले. साडेतीन मिनिटांच्या आसपासचे हे गाणे बी मायनर, जी, डी आणि ए या चार कॉर्डच्या फेऱ्यावर उभे आहे. अंतरा आणि ध्रुवपद दोन्हींखाली तोच फेरा फिरतो. जे बदलते ते वजन. सुरुवातीला गिटार एकटीच तो फेरा धरते, मग ड्रम आणि बास एकदम आत येतात, अंतऱ्यात आवाज खालच्या पट्टीत, बोलल्यासारखा राहतो, आणि ध्रुवपदात तो एकाएकी वर उडी घेतो. उदास छटेच्या मायनरवर सुरू होऊन उजळ छटेच्या मेजरकडे झुकणारा हा फेरा पुन्हा पहिल्या कॉर्डवर येतो तेव्हा थांबल्यासारखा वाटतच नाही, त्यामुळे तो कितीही वेळ चालवता येतो. शब्द अगदी थोडे आहेत, आणि ध्रुवपदातले स्वर खुले, लांबवता येण्याजोगे आहेत. स्पॅनिशचे बरेच शब्द स्वरांती असतात आणि सेराती चाल आधी बांधून शब्द नंतर बसवीत असे, त्यामुळे शब्दाची ओढ चालीच्या विरुद्ध जात नाही. माझ्याकडे शिकायला येणारे विद्यार्थी हे गाणे एका दुपारी वाजवू लागतात. पण ध्रुवपदापर्यंत हात आवरून धरणे, म्हणजे अंतऱ्यात पूर्ण ताकद न वापरणे, हे त्यांना महिनोन्महिने जमत नाही.

त्याच अल्बममध्ये ‘ते पारा त्रेस’ हे छोटे गाणे आहे. वडिलांच्या असाध्य आजाराची बातमी कळल्यानंतर आई, वडील आणि मुलगा चहाच्या टेबलाशी बसले आहेत, एवढाच प्रसंग त्यात आहे. आजाराचे नावही येत नाही. ज्यांना सेराती हा केवळ देखणा तारा वाटतो त्यांनी हे गाणे ऐकावे.

डिसेंबर 1991 मध्ये ब्वेनोस आइरेसच्या 9 दे हुलिओ या रुंद हमरस्त्यावर त्यांचा विनामूल्य कार्यक्रम झाला आणि त्याला सुमारे अडीच लाख लोक जमल्याचे सांगितले जाते. बहुतेक बँड अशा क्षणी तोच अल्बम पुन्हा एकदा करतात. यांनी 1992 मध्ये ‘दिनामो’ काढला : गिटारच्या नादाचे दाट धुके, त्यात बुडालेला आवाज, आणि रेडिओवर लागेल असे जवळजवळ काही नाही. त्याच काळात ते सोनी सोडून बीएमजी या कंपनीकडे निघालेले असल्याने त्या अल्बमला पाठबळही मिळाले नाही, आणि तो कमी खपला. परंतु त्या वेळच्या कार्यक्रमांत त्यांनी ‘बाबासोनिकोस’सारख्या नवख्या बँडना आपल्याआधी रंगमंच दिला. पुढची पिढी तिथून उभी राहिली. माझ्या मते ‘दिनामो’ हाच त्यांचा सर्वांत धाडसी अल्बम आहे, आणि आज संगीतकारांमध्ये त्याला मिळणारा मान त्याच्या तेव्हाच्या खपाशी मुळीच जुळत नाही.

काही काळ विसावा घेऊन त्यांनी 1995 मध्ये ‘सुएन्यो स्तेरेओ’ हा शेवटचा स्टुडिओ अल्बम केला. 1996 मध्ये एमटीव्हीच्या ‘अनप्लग्ड’साठी बोलावणे आले तेव्हा केवळ लाकडी गिटारी घेऊन जुनी गाणी वाजवण्याचे त्यांनी नाकारले आणि तंतुवाद्यांसह गाणी नव्याने बांधली. ‘एन ला सियुदाद दे ला फूरिया’ तिथे संथ, धुरकट होऊन येते आणि कोलंबियाच्या आन्द्रेआ एचेवेर्रीचा आवाज त्यात सेरातीच्या सोबतीला आहे. एकाच चालीची दोन पूर्ण वेगळी रूपे कशी बांधावीत, हे शिकवण्यासाठी मी ही दोन्ही मुद्रणे लागोपाठ ऐकवतो.

1997 मध्ये त्यांनी थांबण्याचे जाहीर केले. मेक्सिको, व्हेनेझुएला, चिली असा निरोपाचा दौरा करून 20 सप्टेंबर 1997 रोजी ब्वेनोस आइरेसमधल्या रिव्हर प्लेट या फुटबॉल क्लबच्या स्टेडियममध्ये शेवटचा कार्यक्रम झाला. दहा वर्षांनी, 2007 मध्ये, ते एकाच दौऱ्यापुरते परत आले. दौऱ्याचे नाव ‘तू मला परतताना पाहशील’ या अर्थाचे, ‘एन ला सियुदाद दे ला फूरिया’ या शहराच्या गाण्यातूनच उचललेले. एकट्या रिव्हर प्लेटमध्ये सहा कार्यक्रम झाले आणि संपूर्ण दौऱ्यात दहा लाखांहून अधिक प्रेक्षक आले. मे 2010 मध्ये काराकास येथे एकल कार्यक्रमानंतर सेरातीला मेंदूचा झटका आला. चार वर्षे तो बेशुद्धावस्थेत होता आणि 4 सप्टेंबर 2014 रोजी तो गेला.

वारशाबद्दल बोलताना मर्यादाही सांगायला हवी. स्पेनने त्यांना लॅटिन अमेरिकेसारखे कधी स्वीकारले नाही, आणि इंग्रजी जगात ते पोचले ते मुख्यतः तिथल्या स्पॅनिश भाषकांपर्यंत. परंतु भाषेची भिंत त्यांनी एका बाजूने ओलांडली : ब्राझीलमध्ये ‘पारालामास’ आणि ‘कापिताल इनिसियाल’ या दोन मोठ्या बँडनी ‘दे मुसिका लिहेरा’ पोर्तुगीजमध्ये केले. शकीराच्या 2005 च्या स्पॅनिश अल्बमवर सेरातीने काम केले आहे. कॅनडाच्या सिर्क द्यू सोलेल या सर्कस कंपनीने 2017 मध्ये त्यांच्या गाण्यांवर एक पूर्ण प्रयोग उभा केला. 2020 मध्ये बोसिओ आणि अल्बेर्ती यांनी निरनिराळ्या गायकांना घेऊन दौरा काढला, तेव्हा त्या गायकांत कोल्डप्लेचा क्रिस मार्टिनही होता. जानेवारी 2025 मध्ये नवी मुंबईत ज्याला आपल्याकडच्या हजारो लोकांनी ऐकले, तोच. त्याने निवडलेले गाणे अर्थातच चार कॉर्डचे ते.

ऐकायला कुठून सुरुवात करावी, असे आपण शेवटी विचारले आहे. ‘कान्सिओन आनिमाल’ पूर्ण ऐकावा, त्यानंतर ‘सिग्नोस’, आणि कान सरावल्यावर ‘दिनामो’. त्यानंतर 1997 च्या शेवटच्या कार्यक्रमाचे मुद्रण हेडफोनवर लावावे आणि थेट अखेरच्या गाण्यावर जावे. चार कॉर्डचा फेरा चालू आहे, गर्दी गाते आहे, आणि शेवटाकडे सेराती त्या नादावरूनच बोलू लागतो. तुमच्याशिवाय आम्ही कोणी नव्हतो, एवढेच नव्हे, तर आरंभापासून आमच्याभोवती राहिलेल्या सगळ्या माणसांशिवायही नव्हतो, अशा अर्थाचे काही शब्द. मग ‘ग्रासियास’ म्हणून तो क्षणभर थांबतो, आणि ‘तोतालेस’ हा शब्द येतो. संपूर्ण आभार. त्या थांबण्याच्या मागे अल्बेर्तीचे ड्रम कसे वाट पाहतात, ते ऐका.